नेदो बार्तालुच्चीची सरदारीण

नेदो बार्तालुच्ची खोटं बोलायला लागला तेव्हा पन्नाशीला आला होता. तोवर तो इतकं खरं बोलायचा की ऐकणाऱ्याला झोप यायची. हे मी छातीवर हात ठेवून सांगतो, कारण सहलीच्या बसचा ड्रायव्हर मीच, आणि समोरच्या आरशात मला त्या जांभया ओळीनं दिसायच्या.

आमची सहल एका दिवसाची. सकाळी फ्लॉरेन्सहून निघायचं, डोंगरावरची दोन जुनी गावं दाखवायची, दुपारी तिसऱ्या गावात एका द्राक्षमळ्यावर वाईन चाखवायची, जेवू घालायचं आणि दिवेलागणीला परत आणून सोडायचं. सहल काढणाऱ्यांनी कागदावर छापलं होतं, ‘मद्य आणि मध्ययुग, एका दिवसात’. मध्ययुग उरकायला स्वतः मध्ययुगाला काही शतकं लागली, पण आमच्याकडे दुपारी जेवायचं असतं.

नेदो माझ्याच गावचा, शाळेत माझ्याच बाकावरचा. बाप वाईनची पिंपं बांधायचा. नेदो सिएनाला इतिहास शिकायला गेला, बापाचा हात यंत्रात सापडला म्हणून अर्ध्यात परत आला, चीजच्या दुकानात कापाकापी करत राहिला आणि शेवटी गाइड होऊन, हातातली छत्री उंच धरून परदेशी लोकांच्या पुढं चालायला लागला. लग्न केलं नाही. आई इरीदे आणि तो, दोघंच खाटकाच्या दुकानावर राहायचे. इरीदेमावशी मला म्हणायची, “मोरेनो, याच्या बापाची पिंपं तरी वाजवली की आवाज करायची. हा घरात तेवढाही करत नाही.”

घरात नाही, पण भिंतीसमोर करायचा. एखाद्या वेशीपाशी थांबून सांगायचा, “खालचे तीन थर तेराव्या शतकातले. वरचे माझ्या आजोबांच्या काळात गावच्या गवंड्यानं रचले, आणि वाकडे रचले.” लोक विचारायचे, संडास कुठं आहे. तो संडास दाखवायचा आणि परत आलेल्यांना राहिलेली भिंत पूर्ण करायचा. एक गोष्ट पक्की होती. ठाऊक नसलं तर ‘ठाऊक नाही’ म्हणायचा. गाइड म्हणून यापेक्षा मोठा अवगुण नाही.

तिसरं गाव रोक्कासेरा. तिथं बघण्यासारखं काही नव्हतं म्हणूनच तिथं जेवण ठेवलेलं. चौकात एक चौकोनी बुरूज, शेजारी कायम कुलूप असलेलं देऊळ, आणि वेशीबाहेर गुआल्तिएरो सोत्सिनीचा मळा. या सोत्सिनीला सगळे ‘कावालिएरे’ म्हणायचे, म्हणजे आपल्यातलं ‘रावसाहेब’. किताब कुणी दिला ते कुणाला माहीत नव्हतं, विचारायचं धाडसही कुणी करत नव्हतं. मिलानमध्ये न्हाणीघराच्या फरशा विकून गब्बर झालेला माणूस. आता शिकाऱ्याचे बूट घालून पाहुण्यांना ‘आमची माती’ असं सांगायचा. त्या बुटांना माती लागलेली मी कधी पाहिली नाही.

एका जुलैत भर दुपारी आम्ही रोक्कासेराला पोचलो तर मळ्याचं फाटक बंद. स्वयंपाकीणबाईचं आणि रावसाहेबांचं भांडण झालं होतं आणि ती एप्रन खुंटीवर टाकून माहेरी निघून गेली होती. रावसाहेब घामाघूम होऊन बसच्या दाराशी आला.

“नेदो, यांना थोडा वेळ चौकात गुंतवून ठेव. मी बहिणीला बोलावलंय.”

“चौकात काय दाखवू? चौकात काहीच नाही.”

“तू शिकलेला आहेस ना? मग दाखव काहीतरी.”

वर ऊन, पोटात कावळे, आणि आसरा म्हणाल तर एका बुरुजाची सावली. एक जाडजूड अमेरिकन गृहस्थ टोपीनं वारा घेत म्हणाला, “हा बुरूज कशाचा?”

खरं उत्तर मला ठाऊक होतं, गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. ती कबुतरांची खुराडी होती. मांसासाठी आणि शेताला खत म्हणून विष्ठेसाठी पूर्वी तिथं कबुतरं पाळायचे. नेदोनं ते सांगायला तोंड उघडलं, आणि नेमकं त्याच वेळी वरच्या खिडकीतून आर्जियाबाईनं लाल टेबलक्लॉथ झटकला. आर्जिया ही तिथं राहणारी म्हातारी विधवा, जिभेची तिखट. कापड उन्हात फडकलं आणि सगळ्या माना वर झाल्या. इतक्या माना एकदम वर झालेल्या नेदोनं आयुष्यात पाहिल्या नव्हत्या.

“ती खिडकी,” तो म्हणाला, आणि त्याचा आवाज मला ओळखू येईना. “ती सरदारीण फ्योर्दालीझाची.”

मग उचलली जीभ आणि लावली टाळ्याला. म्हणे फ्लॉरेन्सच्या फौजेनं गावाला वेढा घातला. नवरा लढाईत पडलेला. गावात अन्न संपलं, बाण संपले, उरली फक्त वाईन. सरदारीणबाईनं या खिडकीतून पिंपामागून पिंप खाली रिकामं केलं. खालचे शिपाई तोंड वर करून पीत राहिले, झिंगून एकमेकांवर पडले, आणि गावच्या बायकांनी त्यांना लाटण्यांनी बडवून काढलं. पण शेवटचा एक बाण आला, आणि बाईच्या रक्तानं तिचा झगा लाल झाला.

चौकात एक बाई डोळे पुसत होती. संडास कुणीही विचारला नाही. संध्याकाळी बसमधून उतरताना प्रत्येकानं नेदोचा हात दोन्ही हातांत घेतला, आणि नेदोला त्या हातांचं काय करावं ते कळेना.

रिकाम्या बसमध्ये मी विचारलं, “ही फ्योर्दालीझा कोण रे?”

“आजोबांची गाय,” तो म्हणाला. “गुणी होती.”

पुढच्या सहलीला त्यानं खुराड्यांचं खरं सांगून पाहिलं. लोकांनी माना डोलावल्या आणि मोबाइल काढले. त्याच्या पुढच्या सहलीला सरदारीण परत आली ती कायमचीच. मी त्याला दोष देत नाही. आयुष्यभर भिंतींशी बोललेल्या माणसाकडे एकदा माणसं वळून बघायला लागली की परत भिंतीकडे जाणं अवघड.

पण गोष्ट नेदोपुरती राहिली असती तर ते रोक्कासेरा कसलं? दुसऱ्या वर्षी रावसाहेब सोत्सिनीनं बाटलीवर खिडकीतली बाई छापली. वाईन तीच, आंबटपणाही तोच, पण आता तो आंबटपणा ‘वेढ्याच्या काळातला’ झाला. तिसऱ्या वर्षी नगराध्यक्ष पाल्मीरा चेक्की यांनी बुरुजावर संगमरवरी पाटी बसवली. या बाई मूळच्या औषधविक्रेत्या. गावचा इतिहास त्यांनी दुकानासारखाच चालवला. गिऱ्हाईक मागेल ते द्यायचं, आणि वर सांगायचं की जेवणानंतर घ्या. चौथ्या वर्षी ऑगस्टात जत्रा सुरू झाली. तिथला खाटीक फ्लॉरेन्सचा सेनापती झाला. लोखंडी शिरस्त्राणात त्याला भोवळ आली, तो घोड्यावरून पडला, आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या कारण गोष्टीतही शिपाई पडतातच. गावचे पाद्री ओर्मिस्दा यांनी बाईंच्या आत्म्यासाठी प्रार्थना म्हटली. देवळाचं कुलूप त्या दिवसापुरतं निघालं.

सगळ्यांचं भलं झालं, एका आर्जियाबाईखेरीज. नगरपालिकेनं तिला कळवलं की ऐतिहासिक खिडकीत कपडे वाळत घालू नयेत. तिनं नेदोला भर चौकात, पाहुण्यांसमोर गाठलं. पाहुण्यांना भाषा कळत नव्हती. त्यांना वाटलं कार्यक्रमाचाच भाग आहे.

“काय रे, तुझी ती सरदारीण चड्ड्या कुठं वाळत घालायची?”

“आर्जियाबाई, ती नव्हतीच.”

“हे मला सांगतोस? मी जन्मले या घरात. नसलेली बाई खिडकीत बसणार आणि मी ओले कपडे घेऊन मागच्या अंधारात जाणार? मागं ऊन येतं का? तुझी आई असती तर तिनं तुला लाटण्यानं बडवला असता. ते लाटणं तरी खरं असतं.”

इरीदेमावशी आदल्याच हिवाळ्यात वारली होती. परतीच्या वाटेवर नेदोनं मायक्रोफोन आकड्याला अडकवून टाकला, आणि बस कण्हत वळणं घेत राहिली. दुसऱ्या दिवशी तो सरळ पाल्मीराबाईंच्या औषधांच्या दुकानात गेला. मी सोबत होतो, मला गुडघ्याचं मलम हवं होतं.

“बाई, ती पाटी काढा,” तो म्हणाला. “ती गोष्ट मी रचलेली आहे.”

पाल्मीराबाईंनी चष्मा काढून त्याच्याकडे मायेनं पाहिलं. “आई गेल्यापासून झोप लागते का नीट?”

“झोपेचा काय संबंध? ती बाई कधी नव्हतीच.”

“पुरावा आहे?”

“कशाचा?”

“ती नव्हती याचा.” त्यांनी झोपेसाठी घेतात त्या कॅमोमाइलच्या सुक्या फुलांचा पुडा त्याच्या हातात ठेवला. “रात्री गरम पाण्यात घे. आणि मोरेनो, याला एकटं सोडू नकोस.”

पुढच्या वसंतात नगरपालिकेनं नवा नियम काढला. गावात पाहुणे आणणाऱ्या गाइडनं स्थानिक इतिहासाची तोंडी परीक्षा द्यायची. परीक्षक तीन, पाल्मीराबाई, रावसाहेब सोत्सिनी आणि पाद्री ओर्मिस्दा. परीक्षा चौकातल्या सभागृहात, दारं उघडी ठेवून. नेदो वडिलांचा कोट घालून गेला. वेशीच्या थरांबद्दल विचारलं असतं तर तो दुपारपर्यंत बोलला असता. पण वेशीबद्दल कुणी विचारलं नाही.

“फ्योर्दालीझाबाईंनी किती पिंपं ओतली?” रावसाहेबांनी विचारलं.

“एकही नाही. ती गाय होती.”

मागं बसलेल्यांत कुणीतरी खुसखुसलं. पाद्रीबाबांनी आवाज मऊ केला. “नेदो, शांतपणे विचार कर. पाटीवर लिहिलंय, तू रोज वाचतोस.”

“पाटीवर काय लिहायचं ते मीच सांगितलं होतं. तुम्हा तिघांना, याच खुर्चीत बसून.”

“म्हणजे तुला उत्तर माहीत आहे,” पाल्मीराबाई म्हणाल्या, “आणि तू द्यायला तयार नाहीस.”

“मला माहीत आहे की मी खोटं बोललो.”

“ते तुझं खाजगी मत झालं.”

तिघांनी डोकी एकत्र केली आणि नेदोला नापास केलं. कारण दिलं, ‘विषयाची पुरेशी तयारी नाही.’ आणि मी काय केलं? बाहेर येऊन बस धुतली. बस माझी नव्हती, नोकरी माझी होती.

त्याच्या जागी सामुएले आला. जिममध्ये कमावलेले दंड, कानाला लावायचा माइक, तोंडभर हसू. त्यानं सरदारीणबाईला एक प्रियकरही दिला, फ्लॉरेन्सच्या फौजेतला, म्हणजे बाण कुणी मारला याचा उलगडा झाला. आता एकीऐवजी पाचसहाजणी डोळे पुसायच्या.

एका सकाळी नेदो तिकीट काढून माझ्या बसमध्ये चढला आणि शेवटच्या बाकावर बसला. मी आरशातून डोळ्यांनीच विचारलं, कशाला? त्यानं खिडकीबाहेर पाहिलं. पहिल्या दोन गावांत तो सगळ्यांच्या मागं चालत राहिला. रोक्कासेराच्या चौकात सामुएले प्रियकरापर्यंत आला तेव्हा मागून नेदो म्हणाला, “हे कबुतरांचं खुराडं आहे.”

सामुएले थांबला नाही. नेदो पुन्हा म्हणाला, मोठ्यानं. तेव्हा स्वीडनकडच्या एका शिक्षिकेनं त्याच्या दंडाला हलकेच हात लावला.

“कृपा करून त्यांना बोलू द्या,” ती म्हणाली. “ते गाइड आहेत.”

नेदो एवढा लाल झालेला मी पाहिला नव्हता. तो ताडताड चालत बुरुजाच्या दारात शिरला. वर आर्जियाबाईचं घर. काय बोलणं झालं ते तिनंच मला मग सांगितलं. तो म्हणाला, “खिडकी हवी.” ती म्हणाली, “घे, पण आधी ही चादर पिळायला लाव हात.” दोघांनी चादर पिळली, आणि मग खाली आम्हाला दिसलं ते असं की ऐतिहासिक खिडकी उघडली, तिच्यातून एक भली मोठी ओली पांढरी चादर बाहेर पडली आणि तिच्यावर नेदोचं डोकं आलं.

“खुराडं आहे,” तो ओरडला, आमच्या डोंगराळ बोलीत, कारण रागात माणसाला आईचीच भाषा सुचते. “इथं कबुतरं हगायची. फ्योर्दालीझा गाय होती. तिला मी लहानपणी चारा घातलाय.”

सामुएलेनं क्षणभर वर पाहिलं. पोरगा चलाख. माइकमध्ये म्हणाला, “आपलं भाग्य बघा. सरदारीणबाईंचे वंशज जुन्या बोलीत आपलं स्वागत करतायत. पांढरी चादर म्हणजे तहाची खूण.”

टाळ्यांचा असा कडकडाट झाला की देवळावरची कबुतरं उडाली. नेदो हात हलवून नाही नाही म्हणत राहिला. खालच्यांनीही हात हलवले.

त्यानंतर जेवणाला तो आला नाही. मी रावसाहेबांच्या मेजावरून कोंबडीच्या काळजाची चटणी लावलेला पाव उचलून बसकडे नेला. तो पायरीवर बसला होता, बाह्या कोपरापर्यंत ओल्या. खाऊन झाल्यावर म्हणाला, “चटणीत मीठ जास्त आहे.” मी म्हटलं, “पाव अळणी आहे, फिट्टंफाट होते.” एवढंच आमचं बोलणं.

पाल्मीराबाईंनी त्याला जत्रेत वंशजाचं काम देऊ केलं, मखमली पोशाखासकट. त्यानं नाही म्हटलं. आर्जियाबाईच्या खिडकीला मात्र कपड्यांची मुभा मिळाली, अट एकच, चादरी पांढऱ्या असाव्यात. तिनं दुसऱ्याच दिवशी रंगीत परकर टाकले, आणि अजून कुणाची बोलायची छाती झालेली नाही.

नेदो आता आमच्या गावच्या कब्रस्तानाचा रखवालदार आहे. सरूची झाडं छाटतो, दिव्यांत तेल घालतो, कुणाचा दगड कुठं ते विचारल्यावर नेऊन दाखवतो. रविवारी मी फुलं घेऊन जातो तेव्हा तो माझ्याबरोबर ओळींतून चालतो आणि काठीनं दाखवत जातो. गेल्या आठवड्यात, ज्याच्या दुकानावर त्याचं आयुष्य गेलं त्या आमच्या खाटकाच्या बापाच्या दगडापाशी थांबला.

“नाव बरोबर,” तो म्हणाला. “जन्म बरोबर, मृत्यू बरोबर.”

“आणि खाली लिहिलंय ते? ‘प्रेमळ पती’?”

नेदोनं आजूबाजूला पाहिलं. खाटकाची म्हातारी आई दोन ओळी पलीकडे दिवा पुसत होती.

“ठाऊक नाही,” तो म्हणाला, आणि पुढच्या दगडाकडे निघाला.