बेटावरचा उन्कुलुन्कुलू

आमच्या घराण्यात गोष्टी सांगायचं काम माझ्याकडे आहे. कुणी दिलेलं नाही, मीच घेतलंय. बारसं असो की बार्बेक्यू, माणसं जेवून जरा सुस्तावली की मी खुर्ची पुढे ओढतो आणि आमची ही शांतपणे भांडी आवरायला उठते. त्यामुळे पुतणीने आपणहून फोन करून "काका, शनिवारी गोष्ट सांगायला येतोस का?" असं विचारलं, तेव्हा मी आधी तिची तब्येत विचारली.

पुतणीचं घर इथे न्यूझीलंडमध्येच, पापाकुऱ्यात. नवरा झुलू, डर्बनकडचा, रोज गाडी हाकत हॅमिल्टनला जाणारा इंजिनियर. मुलगी सहा वर्षांची. तिला मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र इंग्रजीत येतं. जावयाची आई पहिल्यांदाच इकडे आली होती. झुलूत आजीला गोगो म्हणतात, म्हणून आम्हीही सगळे तिला गोगोच म्हणायचो.

अडचण अशी होती की नात गोगोजवळ जायची नाही. इतकी वर्षं फोनच्या पडद्यावर "हाय गोगो" म्हणून पळायची सवय, आता तोच चेहरा सोफ्यावर बसलेला बघून ती आईच्या मागे लपायची. गोगोला त्याचं फार लागलं नव्हतं. तिच्याकडे औषध होतं: उन्कुलुन्कुलूची गोष्ट. जगातला पहिला, सगळ्यांना घडवणारा, म्हाताऱ्यांचाही म्हातारा. ही गोष्ट सांगून तिने घरातली सगळी नातवंडं मांडीवर ओढली होती.

पण तिच्या घरचा नियम कडक. गोष्ट अंधार पडल्यावरच सांगायची, दिवसाढवळ्या सांगणाऱ्याच्या डोक्याला शिंगं फुटतात. आणि इथे ऐन जानेवारी, म्हणजे भर उन्हाळा. नऊ वाजेपर्यंत उजेड हलत नाही, पोरगी साडेसातला झोपते. गोगो रोज संध्याकाळी खिडकीशी बसून सूर्याकडे रागाने बघायची. रविवारी तिचं परतीचं विमान होतं.

"तुला तो नियम लागू नाही," पुतणी म्हणाली. "निदान गोष्ट तरी पोरीच्या कानावर पडेल."

"आणि मला शिंगं आली तर?"

"काकू म्हणते, आहेतच."

गोष्ट मला जावयाने फोनवर सांगितली होती. इंजिनियर माणूस, यंत्रात काय बिघडलंय ते सांगावं तशी चार वाक्यांत संपवली. बाकीचा मीठमसाला मी घालेन म्हटलं.

शनिवारी दुपारी डेकवर सगळे बसलो. गोगो टोपी घालून मक्याची कणसं सोलत होती. जांडल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला, वाजवत पोरगी आली आणि आईला चिकटून बसली. मी घसा साफ केला.

"फार फार पूर्वी पृथ्वीवर कुणीच नव्हतं. होतं फक्त एक मोठं बेट. एके दिवशी त्या बेटातून उन्कुलुन्कुलू बाहेर आला."

"विच आयलंड?" पोरीने विचारलं. "नॉर्थ ऑर साउथ?"

माझ्या डोळ्यांसमोर वेळूचं बेट होतं, दाट, सळसळणारं. जावई 'रीड्स' म्हणाला होता, मला हाच शब्द सुचला. या पोरीला बेट म्हणजे आपण राहतो ते, एवढंच माहीत.

"अगं, तसलं बेट नाही. गवताचं बेट."

"अ ग्रास आयलंड?"

"म्हणजे उंच गवत. खूप. एकत्र."

"सो, ही इज अ कीवी," ती म्हणाली आणि तिच्या दृष्टीने तो विषय मिटला.

मी घाईने पुढे सरकलो. उन्कुलुन्कुलूने माणसांकडे निरोप पाठवला, तुम्ही कधी मरणार नाही. कुणाबरोबर? तर सरड्याबरोबर. तो रंग बदलत, वाटेतली फळं खात रमला. मग दुसरा निरोप पाठवला, मराल म्हणून. कुणाबरोबर? इथे माझी गाडी अडली, कारण मला तोही सरडाच आठवला.

"सेम सरडा?"

"नाही, दुसरा. पळणारा सरडा."

"हिज ब्रदर?"

"अहो, दुसऱ्याला पाल म्हणा ना," आमची ही आत भांडी आवरता आवरता म्हणाली. "पाल चुकचुकली, कळलं असतं तिला."

जावई पोट धरून हसत होता. गोगोने त्याला विचारलं, काय चाललंय. त्याने झुलूत भाषांतर केलं. मला त्यातलं 'आयलंड' तेवढं कळलं. गोगोच्या हातातलं कणीस थांबलं. माझी गोष्ट ऐकून लोक उठून गेलेत, झोपलेत, पण माझ्याकडे असं कुणी कधी बघितलं नव्हतं.

पोरगी उठली आणि आपल्या पायांनी गोगोसमोर जाऊन उभी राहिली. "गोगो, काका सेज ही केम फ्रॉम ॲन आयलंड. इज इट ट्रू?"

"नो," गोगो म्हणाली.

"देन व्हेअर?"

गोगोने तोंड उघडलं. वर बघितलं. सूर्य अगदी डोक्यावर. तोंड मिटलं. पुतणी माझा दंड दाबत होती, तिथे अजून वळ असेल.

मग गोगोने मांडीवरची सालं झटकली, नातीचा हात धरला आणि तिला घेऊन गॅरेजमध्ये गेली. शटर खडखडत खाली आलं. खालून उजेडाची फट राहिली होती, तीही कुणीतरी आतून टॉवेलने बुजवली. झाली रात्र.

आम्ही चार शहाणी माणसं भर उन्हात शटरला कान लावून उभी. गोगोने एक लांबलचक झुलू शब्द म्हटला. जावई कुजबुजला, आता ऐकणाऱ्याने 'चोसी' म्हणायचं असतं, पण त्यातला 'च' जिभेने दातांवर वाजवायचा, बाहेरच्यांना जमत नाही तो. आतून लगेच आवाज आला, खणखणीत. गोगो थांबली. पुन्हा म्हणायला लावलं. पुन्हा तसाच.

"हे कुठून शिकली ही?" जावई म्हणाला.

मी पुतणीकडे बघितलं. घरात दूध सांडलं, बस चुकली, कुणाला लागलं की ती दिवसभर 'च्च, च्च' करत असते. आमच्या घराण्याने झुलू संस्कृतीला दिलेली ही भेट.

शटर उघडलं तेव्हा पोरगी गोगोच्या कडेवर होती, सहा वर्षांची घोडी. "इट वॉज रीड्स, काका," तिने मला समजावलं. "अँड द फर्स्ट सरडा वॉज जस्ट हंग्री."

गोगोने भुवया उंचावल्या. "काका म्हणजे?"

आईचा काका, जावयाने सांगितलं. म्हणजे नात्याने मी पोरीचा आजोबाच, पण ती मला काका म्हणते. हे मीच तिला शिकवलंय. पन्नाशीच्या माणसाने आजोबा काय म्हणवून घ्यायचं?

गोगोने मान हलवली. "म्खुलू," ती नातीला म्हणाली. झुलूत आजोबा.

"म्खुलू," पोरगी म्हणाली आणि गोगोच्या कडेवरूनच वाकून माझ्या टकलावरून दोन्ही हात फिरवले, सावकाश, कानापासून कानापर्यंत. "नो हॉर्न्स येट," तिने गोगोला कळवलं.