ओटीतले सतरा दाणे

अकोटात नोव्हेंबरच्या दुपारीसुद्धा ऊन चांगलंच लागतं. अशा दुपारी मी दादाच्या अंगणात गुडघ्यापर्यंत येणारं लालभडक, जाडजूड जॅकेट घालून उभी होते. हौस माझी नव्हती, वहिनीची होती. "बर्फात काय घालशीन थे दाखव तर खरं," म्हणाली, म्हणून घातलं. शेजारच्या कापसाच्या जिनिंगमधून उडालेली रुई जॅकेटला चिकटत होती आणि माझ्या पाठीवरून घामाच्या धारा वाहत होत्या.

मी अमरावतीच्या एका कॉलेजात भूगोल शिकवते. ध्रुवाकडे जाणारी जहाजं, त्यांतले पर्यटक आणि वितळणारा बर्फ हा माझा विषय. सव्वीस वर्षं त्यावर लिहिलं, ते सगळं कूलरसमोर बसून. परिषदेत कोणीतरी हमखास विचारायचं, "मॅडम, तुम्ही स्वतः बर्फ पाहिलाय का?" फ्रिजमधला पाहिलाय, असं सांगून मी वेळ मारून न्यायचे, पण लागायचं. आता निवृत्तीला दोन वर्षं उरली असताना एका पर्यटक जहाजावर व्याख्याती म्हणून मला जागा मिळाली होती. प्रवाशांच्या कपड्यांतून आणि बुटांतून अंटार्क्टिकावर कुठल्या बिया जाऊ शकतात ते तपासायचं आणि त्यांना समजावून सांगायचं, एवढंच काम. त्या जमिनीवर एकदा पाय ठेवायचा, एवढीच इच्छा.

निघायच्या वेळी वहिनी गव्हानं भरलेलं सूप घेऊन आली. मी दचकले. नवरा गेल्याला आठ वर्षं झाली. तेव्हापासून माझी ओटी कोणी भरली नव्हती आणि हळदीकुंकवाला मीही कधी पुढे झाले नव्हते.

"वहिनी, माही ओटी भरून राहिली तू?"

"काहून नाई भराची? बाई चालली पृथ्वीच्या टोकाले, अन् मी तिले रिकामी धाडू?"

अंगात पंजाबी ड्रेस, ओढणी आत खुंटीला. पदरच नव्हता. "हेच धर पुढं," म्हणत तिनं जॅकेटचा घेर माझ्या हातात दिला आणि त्यात पाच ओंजळी गहू, हळकुंड, सुपारी, नारळ घातलं. रिवाजाप्रमाणे मी चार दाणे तिच्या सुपात परत टाकले. मग गहू पिशवीत ओतले आणि जॅकेट झटकलं. निदान मला तरी तसं वाटलं.

अंजनगावमार्गे जाणारी एसटी मिळाली. शेजारी अकोटचेच एक वयस्कर सतरंजीवाले बसले होते. माझ्या मांडीवरच्या जॅकेटकडे बराच वेळ बघून त्यांनी विचारलं, "कुठं चालल्या, मॅडम?"

"दक्षिण ध्रुवाकडे."

"अच्छा," ते म्हणाले, "थे चिखलदऱ्याहून थंड हाय का?"

"थोडं जास्त."

"मंग कान बांधजा. थंडी कानातून घुसते."

पुढे कित्येक दिवस मी तो सल्ला पाळला. इतका उपयोगी सल्ला मला कुठल्याही परिषदेत मिळालेला नाही.

ओटीचं धान्य टाकायचं नसतं. जिची ओटी भरली तिनं ते शिजवून खायचं. म्हणून अमरावतीच्या घरी त्या गव्हाची खीर केली, दोन दिवस पुरवून खाल्ली आणि मुंबईची गाडी पकडली.

तीन विमानं बदलून दक्षिण अमेरिकेच्या टोकाला पोचले आणि तिथून जहाज सुटलं. पहिले दोन दिवस समुद्रानं मला अंथरुणातून उठू दिलं नाही. लाटांचा अभ्यास केलेल्या बाईला लाटांनी चांगलंच शिकवलं. तिसऱ्या दिवशी सकाळी खिडकीबाहेर पाहिलं तर एक पांढरा डोंगर संथपणे निघून चालला होता. त्याच्या पायथ्याशी पाणी निळं उजळलं होतं. सव्वीस वर्षं ज्याचे फोटो मोजत बसले, तो हिमनग असा दारावरून गेला आणि मी नुसती रडले. दात घासायचा ब्रश हातातच होता.

त्या दिवशी दुपारी माझं व्याख्यान झालं. मी सांगितलं, की बर्फ मागे हटतोय तशी उघडी जमीन वाढतेय, आणि जहाजंही. एक साधं गवत माणसांच्या सामानाबरोबर जाऊन तिथं रुजलंसुद्धा आहे. "तेव्हा आपापले खिसे उलटे करा," असं मी जरा दटावूनच म्हटलं. टाळ्या पडल्या. मला बरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी उतरण्याआधी तपासणी होती. इनेस नावाची अर्जेंटिनाची एक ठेंगणी, कडक बाई या कामाची प्रमुख. तिची माणसं प्रत्येकाचे कपडे व्हॅक्यूमनं साफ करत होती आणि बुटांचे तळवे ब्रशनं घासत होती. मी रांगेत उभी होते. सहज आतल्या खिशात हात घातला तर खिशाला तळच नव्हता, शिवण उसवलेली. बोट आणखी खाली गेलं आणि अस्तराच्या आत काहीतरी टोचलं. कडक, लांबट. मी ते चिमटीत धरलं. न बघताच कळलं, ओटीतला गहू.

खोटं कशाला बोलू? गप्प बसावं असं आधी मनात आलं. व्हॅक्यूम अस्तराच्या आत पोचणार नव्हता. समोर शंभर पावलांवर ती जमीन होती आणि मागे कालच्या व्याख्यानाला टाळ्या वाजवणारी माणसं. हिच्याच खिशात निघालं, असं ती म्हणणार. पण मग सव्वीस वर्षं लिहिलं ते कोणासाठी? मी रांगेतून बाहेर आले आणि इनेसला म्हटलं, "माझ्या अस्तरात बी आहे."

इनेसनं कात्री आणून अस्तर उसवलं. सतरा दाणे निघाले. थोडी रुईही निघाली, अकोटची.

"आज तुम्हाला उतरता येणार नाही," ती म्हणाली. "जॅकेट पुन्हा नीट तपासावं लागेल. आणि हे दाणे जाळायच्या पिशवीत."

उतरता येणार नाही हे मी ऐकून घेतलं. दाणे जाळायचे म्हटल्यावर मात्र मला राहवलं नाही. आठ वर्षांनी कोणीतरी माझी ओटी भरली होती. ती जाळायची? मी तिला सगळं सांगितलं, पदर नव्हता इथपासून.

इनेसनं कात्री खाली ठेवली. "तुमच्याकडे या दाण्यांचं काय करतात?"

"शिजवून खातात."

"उकळलेलं बी उगवत नाही," ती सावकाश म्हणाली. "पण मी समोर उभी राहणार."

जहाजाच्या मुदपाकखान्यात दाऊदभाई स्वयंपाकी होते, रत्नागिरीकडचे. माझ्या तळहातावरचे दाणे बघून म्हणाले, "बाई, एवढ्यात चिमणीचंही पोट भरणार नाही." मग त्यांनी त्यात मूठभर दलिया टाकला, दूध घातलं आणि गूळ नव्हता म्हणून तपकिरी साखर. इनेस हाताची घडी घालून पातेल्याशेजारी उभी होती. खदखदून उकळल्यावर तिनं मान हलवली. मग आम्ही तिघांनी उभ्याउभ्याच ती खीर खाल्ली. वाटी चाटूनपुसून झाल्यावर इनेस म्हणाली, "माझी आई मी निघताना दरवेळी बॅगेत सुकलेली फुलं टाकते. मी दरवेळी ती बंदरातच काढून ठेवते. तिला सांगत नाही."

दुसऱ्या दिवशीच्या रांगेत वेगळाच प्रकार झाला. कोणी न विचारता एक जर्मन आजोबा पुढे आले आणि त्यांनी टोपीच्या घडीतून सूर्यफुलाची बी काढून इनेसच्या हातावर ठेवली. नातीनं दिली होती म्हणे, शुभशकुन म्हणून. त्यांच्यामागून आणखी दोघंतिघं खिसे चाचपत पुढे आले. माझ्या व्याख्यानानं जे झालं नव्हतं, ते माझ्या फजितीनं झालं.

मी उतरले, दुसऱ्याचं निळं जॅकेट घालून. गारगोट्यांचा किनारा, पेंग्विनांच्या विष्ठेचा उग्र वास, आणि दूरवर बर्फाचा कडा तुटल्याचा आवाज. कान बांधलेले होते, तरी ऐकू आला. मी खाली वाकून जमिनीला हात लावणार होते, पण इथं कशालाही हात लावायचा नाही हा नियम आठवला. नुसतीच उभी राहिले.

परत आल्यावर अकोटला गेले. वहिनीनं पातोडीचा रस्सा (बेसनाच्या वड्यांची झणझणीत आमटी) आणि भाकरी वाढली. जेवताना मी सगळं सांगितलं.

"जाळले तं नाई ना दाने?" तिनं विचारलं.

"नाई. खीर केली."

"कोनं कोनं खाल्ली?"

"मी, दाऊदभाई अन् इनेस."

"सतरा दान्यात तिघं जेवले!" ती पदर तोंडाला लावून हसली. मग उठली, सुईदोरा घेतला आणि जॅकेटचं उसवलेलं अस्तर घट्ट शिवून टाकलं.

पर्यटकांना मी एक प्रश्नावली देते. कपडे शेवटचे कधी धुतले, बूट कुठं कुठं वापरले, असले प्रश्न. त्यात मी आता एक प्रश्न सगळ्यात वर घातला आहे : "घरून निघताना तुम्हाला कोणी काय दिलं?"

पुढच्या हंगामासाठी त्याच जहाजाचं बोलावणं आलं, तेव्हा निरोप घ्यायला पुन्हा अकोटला गेले. वहिनी सूप घेऊन बाहेर आली आणि मला बघून दारातच थांबली.

यावेळी मी साडी नेसून गेले होते.