जावळाआधीचा फोटो

जुळ्यांचं जावळ दुसऱ्या दिवशी होतं. कुरळे केस जायच्या आत मुलाचा न् मुलीचा एकत्र फोटो काढायचाच, असा मी हट्ट धरला होता. कॅमेरा भावाकडून मागून आणलेला, रोल संपत आलेला. भिवंडीजवळच्या दापोड्यातल्या आमच्या ओट्यावर लूमवरचं कोरं पांढरं कापड भिंतीला टांगलं. भिवंडीत कापडाला काय तोटा.

सासरे सकाळपासून तयार. इस्त्रीचा सदरा, नवी टोपी. "मी पन बसू ना पोरांसंगं?"

"बसा हो बाबा. आधी यांचा एक नीट येऊ द्या."

नीट कसला येतोय. मुलगा बसला की मुलगी उठायची, तिला धरून आणेपर्यंत हा पसार. खुळखुळा झाला, शेजारची म्हैस दाखवून झाली. बिस्किटांनी तोंडं बरबटली, ती पुसली तर दोघांनी भोकाड पसरलं. मी बटण दाबावं आणि समोर नुसती भिंत. पोरं नाहीत, माकडं जन्माला घातलीत मी, असं ओरडलेसुद्धा.

दोघं गप्प बसायची ती फक्त बाबांच्या मांडीवर. मग माझं डोकं चाललं. माहेरी मिरवायला मला फोटोत पोरंच हवी होती. म्हटलं, "बाबा, तुम्ही कापडाखाली बसा आणि कापडावरून दोघांना मांडीवर धरा."

बाबांनी चुरगळेल म्हणून टोपी काढून खिडकीत ठेवली आणि डोक्यावरून कापड घेतलं. पोरं शहाण्यासारखी बसली. मी बटण दाबलं आणि रोल संपला.

"आता मी बसू?" कापडातून आवाज आला.

"रोल संपला, बाबा. पुढच्या वेळी नक्की."

"बरं, बरं."

फोटो असा झकास आला की सगळे विचारायचे, कुठल्या स्टुडिओत काढला. बाबा मात्र येईल त्याला पोरांमागचा पांढरा उंचवटा बोटाने दाखवायचे. "ह्यो मी हाय." लोक हसायचे, तेही हसायचे. मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

पोरांच्या वाढदिवसाला मी नवा रोल घातला. पहिला फोटो बाबांचा, टोपीसकट, हे मनाशी पक्कं केलं होतं. हाक मारली, "बाबा, चला, फोटो काढायचाय."

ते परसातून आले. टोपी घातली नव्हती. येताना दांडीवरची चादर ओढून घेऊन आले होते.

"कुठं बसू?" त्यांनी विचारलं.