नाशवंत आक्का

आमच्या नगरच्या कोर्टात त्यांना 'नाशवंत आक्का' म्हणायचे, आणि तेही तोंडावर. भिंगारहून स्कूटीवर यायच्या. कुणाचा खवा जप्त झाला, कुणाचे मासे नाक्यावर अडकले, जप्त टेम्पोत कुणाची मेथी सुकायला लागली, की पक्षकार थेट आक्कांचं टेबल गाठायचा. खुनाच्या खटल्यांना त्या हात लावत नसत. म्हणायच्या, "मेलेला माणूस थांबतो गं. मेथी थांबत नाही."

'उद्या' या शब्दाचा त्यांना भारी राग. त्यांच्याकडे ज्युनिअर म्हणून लागले तेव्हा मी एकदा म्हणाले, "आक्का, अर्ज उद्या टाइप करते." त्यांनी माझ्यापुढचा चहा उचलला आणि सरळ पिऊन टाकला. "तुझा चहासुद्धा उद्या सांगू या." अस्सा संताप आला होता मला! पण अर्ज त्याच दुपारी दाखल झाला.

एका हिवाळ्यात राहात्याहून सुमनबाई आली. तिचे पेरू घेऊन टेम्पो पुण्याला निघाला होता. केडगावला पोलिसांनी अडवला, तर क्रेटांखाली ड्रायव्हरने गुटख्याची खोकी दडवलेली! बाईला त्याचा पत्ताही नव्हता. पण गुटख्याबरोबर पेरूही मुद्देमाल झाले. नवरा गेल्यावर घरच्यांशी भांडून तिने ती बाग लावली होती, आणि हा पहिलाच बहर. "आक्का, ह्यो माल इकला न्हाई तर दीर झाडं काढून ऊस लावनार हाय. त्यो वाटच बघतोय," ती म्हणाली.

कागद नंतर बघू म्हणत आक्का आधी पोलीस ठाण्यात गेल्या. हवालदाराने इमानेइतबारे सगळे क्रेट ताडपत्रीत गुंडाळले होते, दोरी आवळली होती आणि गाठींवर लाखेचं सील ठोकलं होतं. सुरा असो की पेरू, मुद्देमाल असाच ठेवायचा, एवढंच त्याला ठाऊक. आक्कांनी ताडपत्रीला नाक लावलं. "अरे बाबा, तू तर पेरू पिकवायला आढी घातलीस!" बिचारा ओशाळला. "उंदरं खातील म्हनून बांधलं हो आक्का." पण आता कोर्टाच्या हुकमाशिवाय सील फोडायची त्याची छाती नव्हती.

त्याच दुपारी आम्ही कोर्टात उभ्या. सरकारी वकिलांनी म्हणणं मांडायला आठवडा मागितला. आक्का म्हणाल्या, "द्या ना साहेब, आठवडा द्या. फक्त ती तारीख पेरूंनाही कळवा." सगळे हसले, न्यायाधीश हसले नाहीत. मग आक्कांचा आवाज खाली आला. "ड्रायव्हरला सोडा असं मी म्हणत नाही. फोटो काढा, वजन करा, पंचनामा करा. पुरावा कागदावर टिकेल, साहेब. या बाईची बाग टिकायची नाही." संध्याकाळच्या आत पेरू सोडायचा हुकूम झाला.

ताडपत्री उघडली आणि सगळं आवार घमघमलं. वरचे क्रेट मऊ पडले होते, पण खालचे पेरू कडक होते. सुमनबाई एकेक पेरू दाबून बघत होती आणि रडत होती. मलाही राहवलं नाही. पुणं गाठण्याइतका वेळ उरला नव्हता, म्हणून आक्कांनी माल नगरच्याच बाजारात पाठवला. बऱ्यापैकी विकला गेला. बाग राहिली.

तेव्हापासून दर हिवाळ्यात एक क्रेट आक्कांच्या टेबलावर यायचा. सरकारी वकील, पट्टेवाले, तो हवालदार, सगळ्यांना हाका मारमारून त्या पेरू वाटायच्या. घरी न्यायला एकही ठेवत नसत.

गेल्या पावसाळ्यात आक्का गेल्या. ताप अंगावर काढला. मी डॉक्टरचं नाव काढलं की म्हणायच्या, "उद्या जाते गं." हाच शब्द, आणि त्यांच्या तोंडून! मला अजूनही त्यांचा राग येतो.

परवा सुमनबाई क्रेट घेऊन आली. तिला काहीच कळलं नव्हतं. मी सांगितलं तशी ती क्रेटला धरून रडायला लागली. मी तिला पाणी दिलं. मग म्हणाले, "राहू दे बाई क्रेट इथंच. उद्या वाटते."

तिने डोळे पुसले, पदर खोचला आणि क्रेटवरचा कागद टराटरा फाडला.

"उद्या कशापायी, ताई? आक्कांचं टेबल हाय हे."

मी उठले. पहिला पेरू सरकारी वकिलांना नेऊन दिला.