याचिकेतला क्रमांक एक

कुकरची दुसरी शिट्टी व्हायची होती आणि दारावर थाप पडली. केशोरीत सकाळच्या वेळी कोणी थाप मारत नाही, हाक मारत सरळ आत येतात. दार उघडलं तर शेजारच्या धुरपतामावशी. यजमान परसरामजी गेल्यापासून त्या कोणाच्या घरी फारशा जात नाहीत. हातात पिशवी, पिशवीत कागद.

"मंजू, हे वाच. मराठीत सांग."

हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाच्या निकालाची झेरॉक्स होती.

"कुठून आणलीत?"

"चुन्नीलालकडून. काल आमगावकडचे लोक आले होते त्याच्या घरी. हार घातला त्याले. त्याइच्या तलावालेबी हाच निकाल कामी येते म्हणे." मावशी खाली बसल्या. "सात वर्षांत चुन्नीलाल एकदा नागपूरले गेला. तोबी पोरीच्या लग्नाचा बस्ता आणाले."

सात वर्षांपूर्वी एका खात्यानं गावाला न विचारता आमचा तलाव बुजवून तिथं गोदाम बांधायचं ठरवलं. परसरामजींच्या वाडवडिलांनी खोदलेला तलाव तो. त्यांनी आणि चुन्नीलालनं मिळून थेट हायकोर्टात रिट याचिका टाकली. हक्क डावलला गेला तर राज्यघटना ते दार उघडं ठेवते, हे मी कॉलेजात राज्यशास्त्राच्या पेपरात लिहिलं होतं. त्या दारात माणूस उभा कसा राहतो, ते मात्र परसरामजींनी दाखवलं.

वकील सांगायचे, "तुम्ही येऊ नका. इथं सगळं कागदांवर चालतं." तरी परसरामजी प्रत्येक तारखेला हजर. आमच्याकडे तलावाच्या पाण्याची पाळी असते. आपल्या पाळीला जो तिथं उभा नाही, त्याचं पाणी पुढच्याला जातं. कोर्टाचंही तसंच असणार, असं त्यांनी धरून ठेवलं होतं. मागच्या बाकावर बसायचे आणि परत आल्यावर आमच्या ओट्यावर हकीकत सांगायचे.

"दोन जज बसून राहतात. आपला नंबर आला तं दोन मिंट भेटतात. पण आज त्या बुढ्या जजनं सरकारी वकिलाले विचारलं, गाववाल्याइले विचारलं होतं का?"

त्या एका प्रश्नावर ते पुढे महिनाभर खुश होते.

मागच्या वर्षी ते काविळीनं गेले. वकिलांचा कागद आला तो मीच वाचून दाखवला: त्यांच्या जागी वारस म्हणून सही करा. मावशींनी केली नाही. इथं माणूस गेला तरी हंगाम संपेपर्यंत पाण्याची पाळी त्याच्याच नावानं चालते, शेजारी त्याच्या बांधीत, म्हणजे धानाच्या शेतात, पाणी वळवून देतात. लगेच त्याच्या जागी कोणी उभं राहत नाही.

"त्याइची पाळी मी काऊन घेऊ? खटला संपू दे," त्या म्हणाल्या होत्या.

मी समजावलं, पण आग्रह धरला नाही. चार महिन्यांनी निकाल लागला.

आता मी वाचून सांगू लागले. जगण्याच्या हक्कात पिढ्यान्पिढ्यांचं पाणीही येतं. त्या पाण्यावर जगणाऱ्यांचं म्हणणं ऐकल्याशिवाय तलावाला हात लावता येणार नाही. "राज्यातल्या खालच्या सगळ्या कोर्टांना हे मानावं लागतं, मावशी. म्हणून तर आमगावकडचे आले."

"तलाव वाचला ते ठाऊक आहे मले. त्याइचं नाव कुठं आहे?"

मी याचिका टाकणाऱ्यांची नावं असलेलं पहिलं पान काढलं. इंग्रजी येत नसलं तरी आकडे त्यांना कळतात. एकच्या आकड्यावर त्यांनी बोट ठेवलं.

"इथं काय लिवलं?"

खोटं सांगता आलं असतं. "मयत, नाव वगळलं. दोनवर चुन्नीलाल आहे. आता हा निकाल त्याच्याच नावानं ओळखतात."

"मी सही केली असती तं?"

"तर त्यांचं नाव राहिलं असतं. खाली वारस म्हणून तुमचं."

मी उठून गॅस बंद केला. परत आले तेव्हाही बोट तिथंच होतं.

"कोर्ट आता लिवून देईल का?"

"नाही, मावशी."

 मावशींनी कागद माझ्यापुढे सरकवला.

"मंग तू लिव. माह्या ह्या कागदावर, एकच्या समोर, परसराम. पेनानं लिव."