चष्म्याच्या डबीचा आवाज

सेन्सॉरशिपच्या विरोधात तीन जाडजूड पुस्तकं लिहायची आणि घरात मात्र जन्मभर खुशीनं सेन्सॉरखाली राहायचं, असा माणूस अख्ख्या नाशकात एकच असेल आणि तो नेमका गंगापूर रोडला आमच्या वरच्या मजल्यावर राहतो. आम्ही सगळे त्यांना नुसतं सर म्हणतो. कॉलेजातून निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, पण सरांचा तास काही संपलेला नाही. वसाहतोत्तर साहित्य हा त्यांचा विषय. तो विषय ते पेपरवाल्याला सांगतात, इस्त्रीवाल्याला सांगतात, रविवारी मिसळ खायला नेलं तर शेजारच्या टेबलावरच्या अनोळखी कुटुंबालाही सांगतात. “इंग्रज गेले हो, पण आपण काय वाचावं हे ठरवायची त्यांची सवय कुणी उचलली?” असं म्हणून ते लिफ्टच्या दारात पाय घालून उभे राहतात. दार मिटत नाही, लिफ्ट हलत नाही आणि इंग्रज पुन्हा पहिल्यापासून यायला लागतात. आमच्या बिल्डिंगीतली माणसं जिने चढून इतकी धडधाकट झाली आहेत, त्याचं श्रेय सरांनाच द्यायला हवं.

मी सातपूरच्या कारखान्यात उभा जन्म काढलेला माणूस, मला त्यातलं ओ की ठो कळत नाही. शिवाय स्वभावानं उतावळा. पण सरांच्या पत्नीमुळे, म्हणजे वहिनींमुळे, आमचा घरोबा जमला. वहिनी शाळेत मराठी शिकवायच्या. सरांनी लिहिलेला प्रत्येक कागद आधी त्यांच्या हातात जायचा आणि येताना निम्मा होऊन यायचा. “हे वाक्य कुणासाठी लिहिलंय? तुमच्यासाठीच ना? मग मनात ठेवा,” म्हणायच्या आणि सरळ काट मारायच्या. वर सरांचा आवाज चढायचा, अभिव्यक्ती, दडपशाही, सत्ता असे शब्द आमच्या पंख्यापर्यंत ऐकू यायचे. थोड्या वेळानं सगळं शांत व्हायचं, म्हणजे सर मुकाट्यानं नवी प्रत लिहायला बसलेले असायचे. चहातली साखर, लग्नातली दुसरी जिलबी, पाहुण्यांसमोरचा तिसरा किस्सा, सगळ्यावर त्या बाईंची कात्री. आणि सरांइतका सुखी माणूस मी पाहिलेला नाही.

भाषणाची तर त्यांची खास रीत होती. वहिनी पहिल्या रांगेत कडेच्या खुर्चीवर बसायच्या. पुरे झालं असं वाटलं की चष्मा काढायच्या, पत्र्याच्या जुन्या डबीत ठेवायच्या आणि झाकण लावायच्या. टक. सर असतील त्या वाक्यावर म्हणायचे, “तर मंडळी, इथेच थांबतो.” लोक बाहेर पडताना म्हणायचे, वेळेचं भान असावं तर असं. मला ती खूण माहीत होती, कारण मी मागच्या खुर्चीवर बसून त्या डबीची चातकासारखी वाट बघायचो.

दोन वर्षांपूर्वी वहिनी गेल्या. मुलगी परदेशात, ती आली, राहिली आणि परत गेली. सर एकटे उरले आणि त्यांना थांबवणारं कुणी राहिलं नाही. चौथं पुस्तक फुगत चाललं. एका प्रकरणाला दोन प्रकरणं फुटायची. प्रकाशकानं निरोप पाठवला की निम्मं करा, नाहीतर छापणार नाही. सर मला म्हणाले, “मला लिहिता येतं हो, कापता येत नाही. ते खातं तिच्याकडे होतं.” सोसायटीच्या गणपतीत ते दोन शब्द बोलायला उभे राहिले, तेव्हा आरतीचं तबक हातात धरून बायकांचे हात भरून आले. हळूहळू बोलावणी बंद झाली. लोक त्यांना बघून रस्ता ओलांडायला लागले. मला वाईट वाटायचं, पण खरं सांगतो, जिना मीही चढायचो.

मग एका वाचनालयानं त्यांना बोलावलं. माझ्या स्कूटरवर आम्ही गेलो. मला पहिल्या रांगेतली कडेची खुर्ची मिळाली. सर सुरू झाले. माणसं एकेक करून उठली. संयोजकांनी चिठ्ठी दिली, ती त्यांनी वाचून खिशात ठेवली. पाण्याचा पेला पुढे केला, तर पाणी पिऊन ते नव्या दमानं बोलायला लागले. मी वैतागलो. बाहेर जाऊन चहा तरी घ्यावा म्हणून चष्मा काढला, माझ्या डबीत ठेवला आणि झाकण लावलं. टक.

सर वाक्याच्या मध्यावर थांबले. त्यांनी माझ्या खुर्चीकडे पाहिलं, नुसतं पाहत राहिले. मग म्हणाले, “तर मंडळी, इथेच थांबतो.”

परतताना सिग्नलला स्कूटर थांबली तेव्हा मागून सरांनी विचारलं, “डबी कुठून घेतली?” मी म्हटलं, चष्म्याबरोबर फुकट मिळाली. “आवाज चांगला आहे,” म्हणाले.

दुसऱ्या दिवसापासून संध्याकाळी ते हस्तलिखित घेऊन आमच्या गॅलरीत यायला लागले. ते वाचायचे, मी कंटाळलो की डबी लावायची. मग ते भांडायचे, तुम्हाला काय अधिकार म्हणायचे, मीही तणतणायचो आणि शेवटी ते पेन्सिलीनं काट मारायचे. आमची ही आतून म्हणायची, तुम्हा दोघांना बोलायला माणूस मिळालं एकदाचं. पुस्तक आटोक्यात येत गेलं.

शेवटचं प्रकरण वाचताना सर भरकटले. बंदी, सरकार, समाज सगळं मागे पडलं आणि वहिनींबद्दल वाचायला लागले. काट मारताना त्या ओठ कशा मुडपायच्या, खोडलेलं वाक्य पुढे कधीतरी भांडणात सरांनाच कसं ऐकवायच्या. पान संपलं, दुसरं सुरू झालं. डबी माझ्या हातात उघडी होती. ती लावायला हात होईना. हे राहू द्या सर, मी म्हटलं, छान आहे.

सरांनी वर पाहिलं.

“लावा हो डबी,” ते म्हणाले. “ती असती तर मागच्याच पानावर लावली असती.”

मी लावली. त्यांनी दोन्ही पानांवर काट मारली आणि आम्ही खालच्या रस्त्यावरच्या गाड्या बघत बसून राहिलो. पुस्तक आता छापायला गेलंय. ती पानं त्यात नाहीत.