हळदीतलं निळं पिस्तूल

निवृत्तीनंतरही मी पनवेलमध्येच राहतो. लग्नसराईत कुठल्याशा मांडवातून डीजे दणाणायला लागला की बायको खिडक्या लावून घेते आणि मला हमखास ते निळं पिस्तूल आठवतं. प्रकरण फार जुनं नाही, माणसं अजून इथल्याच बाजारात भेटतात, म्हणून नावं कुणाचीच सांगणार नाही.

तेव्हा मी एका ठाण्याचा वरिष्ठ पोलीस निरीक्षक होतो. सकाळची हजेरी आटोपून चहा घेत होतो, तेवढ्यात आमचा जुना खबरी आला. भंगाराचा धंदा करणारा हा माणूस खबर देताना आवाज इतका खाली आणायचा की प्रत्येक गोष्ट दोनदा विचारावी लागे.

"साहेब, करंजाड्यात एका गाळ्यात एक पोरगी खेळणी बनवते. पण काल शटर अर्धं खाली होतं, मी वाकून बघितलं. टेबलावर पिस्तूल होतं. खेळण्यातलं नाय साहेब, असली."

"तुला काय कळतं असली-नकली?"

"साहेब, आयुष्यभर लोखंडच बघतोय."

खबर हसण्यावारी नेण्यासारखी नव्हती. खरं पिस्तूल कुणी खेळण्यासारखं रंगवून दिलं, तर नाकाबंदीत आमचीच माणसं ते हातात घेऊन परत देतील. मी स्टेशन डायरीला नोंद केली, दोन पंच बोलावले, एक महिला हवालदार सोबत घेतल्या आणि निघालो.

गाळ्यात तिशीतली एक तरुणी तोंडाला रुमाल बांधून ब्रश धूत होती. भिंतीवर मुखवटे, चिलखतं, तलवारी. व्हिडिओ गेममधल्या पात्रांसारखा पोशाख करून मेळाव्यांना जाणारी तरुण मंडळी असतात, त्यांचं सामान ती बनवायची. मी एक तलवार खाली काढली. पात्यावर गंज, धारेला खाचा, मुठीवर वापरून वापरून चढलेला मळ. आणि सगळं फोमवर, रंगाने काढलेलं! जन्मभर हत्यारं जप्त केलेला मी माणूस, पण चार हात लांबून मीही फसलो असतो. छापा घालायला आलोय हे घटकाभर विसरलो, असं म्हटलं तरी चालेल.

एका भिंतीवर कुठल्याशा गेममधल्या पिस्तुलाची चित्रं लावलेली होती. सगळ्या बाजूंनी काढलेली, निळं अंग, पितळी कडी, बाजूला पंखासारखी पट्टी. टेबलावर त्याच निळ्या रंगाचे ताजे ठिपके होते. पिस्तूल मात्र कुठेच दिसेना.

कोपऱ्यात शाडूच्या मातीची बादली होती. आमच्या हवालदारबाई उरणकडच्या गावातल्या. त्यांनी बांगड्या वर सारल्या आणि कोपरापर्यंत हात मातीत घातला. प्लास्टिकमध्ये गुंडाळलेलं पिस्तूल वर आलं. खरं होतं. मॅगझीन भरलेलं होतं.

"परवाना आहे?"

"नाही."

"कुणाचं आहे?"

तिने ओले हात पुसले आणि म्हणाली, "साहेब, आजची संध्याकाळ जाऊ द्या. उद्या सकाळी तुम्ही विचाराल ते सगळं सांगेन."

पंचनामा करून पिस्तूल सीलबंद केलं आणि तिला ठाण्यात आणलं. चौकशीत माणूस वेळ मागतो तो बहुधा पळायला, नाहीतर साथीदाराला पळवायला. हिची तऱ्हा निराळी होती. पाणी दिलं तर प्यायली, खुर्ची दिली तर बसली, पण डोळे सारखे भिंतीवरच्या घड्याळाकडे. मी दोनदा आवाज चढवून पाहिला. काडीचा परिणाम झाला नाही.

मला एकच गोष्ट खटकत होती. टेबलावर निळा रंग सांडला होता, पण बादलीतल्या पिस्तुलावर रंगाचा टिपूससुद्धा नव्हता. मग एवढा खटाटोप करून रंगवलं काय? म्हणजे दुसरं पिस्तूल होतं, आणि ते कुणाच्या तरी हातात गेलं होतं.

दरम्यान पिस्तुलाच्या क्रमांकावरून परवानाधारक सापडला. जमिनींना भाव आल्यावर ज्यांच्या दारात मोठ्या गाड्या उभ्या राहिल्या, त्यातलेच एक गृहस्थ. नाव ऐकताच हवालदारबाई म्हणाल्या, "साहेब, आज त्यांच्या पोराची हलद हाय. मलाबी आवतान हाय." मग त्यांची नजर त्या तरुणीच्या हातातल्या हिरव्या बांगड्यांवर गेली. त्या जवळ जाऊन बसल्या.

"तू चिरनेरकडच्या गणपतीवाल्यांची थोरली ना गं? नवरी तुजी भयीन?"

एवढ्यावर तिचा बांध फुटला. मी अर्धा दिवस जे करू शकलो नाही, ते बाईंनी एका प्रश्नात केलं.

हकीकत अशी. नवरदेव गेमवेडा. हळदीच्या रात्री मांडवात आवडत्या पात्रासारखी एंट्री घ्यायची आणि त्याच्यासारखंच पिस्तूल रोखून हवेत बार काढायचा, असं त्याच्या डोक्यात. वडिलांच्या कपाटातलं पिस्तूल त्याने होणाऱ्या मेहुणीला आणून दिलं, "ताई, तुम्हीच रंगवा, तुमच्यासारखं कुणाला जमणार नाही." नकार दिला असता तर त्याने ते दुसऱ्या कुणाकडून रंगवून घेतलं असतं. वडिलांना सांगावं, तर त्यांच्याकडे बार काढल्याशिवाय हळद झाल्याचं कुणाच्या आठवणीत नाही. पोलिसांकडे यावं, तर हळदीच्या दिवशी व्याही कोठडीत आणि बहिणीचं लग्न मोडलेलं.

म्हणून तिने त्याच मापाचं, जवळपास त्याच वजनाचं दुसरं पिस्तूल घडवलं. ते रंगवलं, लाल फडक्यात गुंडाळलं आणि त्याला बजावलं, "रंग ओला आहे. मांडवात जाईपर्यंत फडकं काढायचं नाही." आपल्याकडे गणपती घरी आणताना मुखावर फडकं असतं, ते वाटेत कुणी काढत नाही. गणपतीवाल्यांच्या घरून आलेली वस्तू त्यानेही तशीच जपून नेली, मध्ये एकदाही उघडली नाही. खरं पिस्तूल हळद उरकल्यावर परत करायचं, असा तिचा बेत होता.

"पण एवढी जोखीम का घेतलीस?" मी विचारलं. "बिनपरवाना हत्यार बाळगलंस. तुरुंगात जाशील."

"माझे बाबा मूर्तीचे डोळे काढायचे, साहेब. मी लहान असताना एका हळदीत कुणीतरी बार काढला. बाबांच्या उजव्या हाताची दोन बोटं गेली. तेव्हापासून डोळे मी काढते."

खरं सांगतो, त्या क्षणी मला तिचा अभिमान वाटला. पण अभिमानावर दोषमुक्ती मिळत नाही. हत्यार तिच्या ताब्यात सापडलं होतं आणि तिच्या म्हणण्याला पुरावा नव्हता. मी तिला दुसऱ्या दिवशी सकाळी हजर राहण्याची नोटीस देऊन दिवस मावळायच्या आत घरी पाठवलं आणि साध्या कपड्यांत हवालदारबाईंबरोबर हळदीला गेलो.

मांडवात धूर सोडला होता, डीजेने कानठळ्या बसत होत्या. लांब कोट घातलेला नवरदेव आला, त्याने लाल फडकं भिरकावलं आणि ते पिस्तूल वर झालं. निळ्या अंगावर दिव्यांचा उजेड पडला, पितळी कडी चमकली, आणि मांडवभर "ओ हो" झालं. मीसुद्धा बघत राहिलो. इतकी देखणी लबाडी मी नोकरीत पाहिली नव्हती.

त्याने चाप ओढला. काही झालं नाही. पुन्हा ओढला. मित्र खिदळले, तोही हसला. वडिलांनी मात्र पुढे होऊन पिस्तूल हातात घेतलं, आणि त्यांचा चेहरा उतरला.

"ह्यो माजा नाय! माजा कुठं हाय?"

मी जवळ जाऊन ओळख दिली. "तुमचं पिस्तूल ठाण्यात जमा आहे. घरातून बाहेर गेलं कसं, तेवढं सांगा."

त्यांनी एकदा मुलाकडे पाहिलं, एकदा जमलेल्या गावाकडे. "मी कुणाला दिला नाय, साहेब. चोरीला गेला आसंल. ती पोरगी आमच्याकरं येते-जाते, तिनंच उचलला आसंल."

मुलगा शेजारीच उभा होता, हळदीने माखलेला. मी त्याच्याकडे पाहिलं. त्याने मान खाली घातली. मी निळं पिस्तूल ताब्यात घेतलं आणि मनात खूप चिडून परतलो.

लग्नाचा मुहूर्त दुसऱ्या दिवशी दुपारचा. सकाळी ती वेळेवर हजर झाली, नऊवारी नेसलेली, कारण करवली तीच होती. सोबत वडील, उजवा हात उपरण्याखाली झाकलेला. व्याह्यांचं म्हणणं मला तिला सांगावंच लागलं. आता बिनपरवाना हत्यारासोबत चोरीचाही आळ आला होता.

तिचे वडील म्हणाले, "माज्या वक्तालाबी असाच झाला, साहेब. मांडव भरलेला व्हता. बार कुनी काढला, ते कुनीच बगितला नाय."

मी जबाबाचे कागद पुढे ओढले, आणि तेवढ्यात बाहेरचा पहारेकरी धावत आला.

"साहेब, एक नवरदेव सुरी घेऊन आत यायला बघतोय!"

हळद लागलेल्या मुलाने लग्न लागेपर्यंत उंबरा ओलांडायचा नसतो, आणि ओलांडलाच तर हातात लोखंड हवं, अशी इथली रीत. हा पठ्ठ्या पिवळ्या अंगाने स्कूटरवर बसून, हातात सुरी धरून थेट पोलीस ठाण्यात आला होता. त्याने सुरी ठाणे अंमलदारांच्या टेबलावर ठेवली आणि माझ्यासमोर उभा राहिला.

"सर, ताईंनी काही चोरलं नाही. पप्पांच्या कपाटातून गन मी काढली, मीच त्यांना दिली. बार पण मलाच काढायचा होता. लिहून घ्या."

"तुझ्यावर गुन्हा दाखल होईल. वडिलांचा परवाना जाईल."

"माहितीये सर. काल मी गप्प बसलो, त्यानंतर झोपच नाही लागली. ताई इथे बाकावर आणि मी तिकडे बोहल्यावर, हे मला नाही जमणार."

"वडिलांना ठाऊक आहे?"

"सांगूनच निघालो."

मी खिडकीतून पाहिलं. फाटकाबाहेर वडिलांची गाडी उभी होती. ते आत आले नाहीत, पण मुलाला अडवलंही नाही. त्यांचा जबाब मी नंतर घेतला, तेव्हा त्यांनी चोरीची गोष्ट पुन्हा काढली नाही.

पुढे परवाना रद्द झाला, बापलेकांवर दोषारोपपत्र गेलं. ती तरुणी त्या खटल्यात आरोपी नव्हे, साक्षीदार झाली. लग्न त्याच दिवशी लागलं, थोडं उशिरा. हवालदारबाई रजा टाकून गेल्या होत्या. नवरीमागे करवली कशी ताठ उभी होती, ते त्यांनी आठवडाभर सगळ्या ठाण्याला ऐकवलं.

नोकरीत मला एक खोड लागली होती. बोलत नाही तो गुन्हेगार आणि नटतो-मुरडतो तो उथळ, असं मी धरून चालायचो. त्या दोघांनी ती मोडली. शस्त्र हाती आलं की माणूस मोठा होतो असं समजणारे मी पुष्कळ पाहिले. शस्त्र खाली ठेवून, अंगावर येणारं सगळं ठाऊक असताना खरं बोलायला आलेला तो पिवळा नवरदेव मला त्या सगळ्यांहून मोठा वाटतो.

जबाबावर सही करून तो निघाला, तेव्हा बाकावर बसलेले करवलीचे म्हातारे वडील उठले. आयुष्यभर ज्या साक्षीदाराची वाट पाहिली, तो दुसऱ्याच प्रकरणात का होईना, समोर उभा होता. त्यांनी उपरण्याखालचा हात बाहेर काढला आणि मुलाच्या खांद्यावर ठेवला. हात मागे घेतला, तेव्हा उरलेल्या तिन्ही बोटांना हळद लागली होती.